भेगेवरच्या तीन काचा

आम्ही दोघी जावा. घरात मी थोरली, ती धाकटी. शाळेत मात्र सगळं उलटं. ती विज्ञानाची बाई आणि मी प्रयोगशाळेतली मावशी. म्हणजे काचेची भांडी धुणं, सामान काढून देणं, वर्ग झाडणं, घंटा देणं, जे कुणी करत नाही ते सगळं माझ्याकडे. सकाळी घरात ती मला म्हणायची, "ताई, तुम्ही बसा, मी करते," आणि तासाभराने शाळेत मी तिला म्हणायची, "बाई, तुमचं सामान काढून ठेवलंय." लोकांना याची मोठी गंमत वाटायची. मला मुळीच वाटायची नाही. लग्न होऊन आली तेव्हा हिला धड दूध तापवता येत नव्हतं, आणि आता हिच्या हाताखाली मी!

शाळेत तिचं नाव कुणी घेतच नसे. पोरं तिला 'कशावरून बाई' म्हणायची. कुणी काहीही बोललं की हिचा एकच प्रश्न, "कशावरून?" बाई, जड गोष्ट लवकर खाली पडते. कशावरून? बाई, याने माझी पट्टी घेतली. कशावरून? घरीही तेच. माझे दीर म्हणजे साधा माणूस, कुणाच्या अध्यात ना मध्यात. एकदा जेवताना म्हणाले, आज उकाडा जास्त आहे. हिने विचारलंच. त्या दिवसापासून ते बिचारे हवेबद्दल अवाक्षर काढत नाहीत.

पण शिकवायची कशी, ते मी रोज बघत होते, त्यामुळे खोटं बोलणार नाही. तिच्या वर्गात फळ्यावर काही लिहायच्या आधी पोरांच्या हातात काहीतरी असायचं. दोरी, किल्ल्यांचा जुडगा, मेणबत्ती, बरणी. दोरीला एक किल्ली बांधून झोका दिला, मग पाच किल्ल्या बांधून दिला. आता कुठला झोका लवकर परत येईल? आधी सांगा, मग मोजा. वर्गाची एक मोठी वही होती आणि तिच्यात चार रकाने. 'वाटतं', 'केलं', 'पाहिलं' आणि 'ठाऊक नाही'. शाईनेच लिहायचं, खोडायचं नाही. चुकलं तर चुकलेलं तसंच राहू द्यायचं आणि खाली नवीन लिहायचं. पोरं आधी रडायची, की आमचं चुकलेलं सगळ्यांना दिसतं. सहा महिन्यांत अशी निर्ढावली की चुकलं तर टाळ्या पिटायची. अभ्यासक्रम मागे राहतो म्हणून मुख्याध्यापक, म्हणजे आमचे मोठे सर, दर महिन्याला तिला बोलावून झापायचे. ती मान खाली घालून ऐकायची आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा दोरी आणि किल्ल्या. त्या वर्षअखेरीला तिला नोकरीत कायम करायचं की घरी पाठवायचं, हे ठरणार होतं. ते सरांच्याच हातात होतं. पण बाईंना त्याचं काही आहे असं वाटेल तर शपथ.

त्या वर्षी सातवीचा वर्ग तळमजल्यावर होता, अगदी कडेला. त्याच्या मागच्या भिंतीला लागूनच संस्थेच्या नव्या इमारतीचं काम चाललं होतं. तळघरासाठी भला मोठा खड्डा खणत होते. खाली खडक लागला, तेव्हा फोडायला ब्रेकर आणला. त्याची धडधड सुरू झाली की बाकांवरच्या पेन्सिली आपोआप चालायला लागायच्या. वर्गात बेचाळीस पोरं. त्यातली एक माझी. उंची बापाची घेतली म्हणून सगळे तिला 'शिडी' म्हणायचे आणि उंच म्हणून ती शेवटच्या बाकावर बसायची. भिंतीला पाठ लावून.

त्या भिंतीला भेग होती. खिडकीच्या कोपऱ्यातून निघून तिरकी खाली फरशीपर्यंत गेलेली. बाईंनी सरांना दोन पत्रं लिहिली, वर्ग बदलून द्या म्हणून. सर म्हणाले, "ती भेग मी इथे यायच्या आधीपासून आहे. जुनं दुखणं आहे, वाढत नाही." यावर तिने सरांना कशावरून म्हणून विचारलं नाही, एवढी अक्कल देवाने दिली होती. तिने तोच प्रश्न वर्गाला टाकला. भेग वाढते की नाही, हे आपल्याला कसं कळेल?

दोन दिवस नुसता गोंधळ. कुणी म्हणे पट्टीने मोजू. मोजलं, तर प्रत्येकाचं माप वेगळं. कुणी म्हणे टोकाला पेन्सिलने खूण करू. कुणी कागद चिकटवू म्हणे. तेव्हा शेवटच्या बाकावरून आमची शिडी म्हणाली, "कागद नको, तो ताणेल. काच लावू. काच ताणत नाही, सरळ फुटते." माझी पोर म्हणून सांगत नाही, पण मला त्या दिवशी जेवण गेलं नाही आनंदाने.

मग सूक्ष्मदर्शकाच्या काचपट्ट्या घेतल्या. भेगेवर आडव्या तीन लावल्या. वर एक नंबर, मध्ये दोन नंबर, खाली तीन नंबर. दोन्ही टोकं प्लास्टरने भिंतीत घट्ट केली. चौथी काच त्याच भिंतीवर, पण जिथे भेग नाही तिथे. हिचं नाव तुलनेची काच. नुसत्या हादऱ्याने काचा फुटत असतील तर हीही फुटायला हवी आणि भेग हलत असेल तर फक्त भेगेवरच्या फुटतील. प्रत्येक काचेखाली पेनने तारीख घातली. वहीत 'वाटतं'च्या रकान्यात एकतीस पोरांनी लिहिलं की काही होणार नाही आणि अकरा जणांनी लिहिलं की फुटेल. रोज तीनदा बघायचं काम एका मुलाकडे दिलं. तो एक मिनिट इकडचं तिकडे होऊ देत नसे, म्हणून त्याला सगळे 'घड्याळ' म्हणायचे.

आठ दिवस काही झालं नाही. आता ऐका मी काय दिवे लावले ते.

नववा दिवस, मंगळवार. सकाळी लवकर आले. खणण्याची धूळ एवढी की भिंतीवर बोटाने नाव लिहावं. मी लांब दांड्याचा झाडू घेऊन वरून खाली झाडत निघाले आणि मध्येच पायाखाली करकरलं. बघते तर दोन नंबरचा अर्धा तुकडा खाली आणि अर्धा भिंतीवर. त्या वर्षात माझ्या हातून तीन चंचुपात्रं गेली होती. मोठ्या सरांनी स्पष्ट सांगितलं होतं, आणखी एक काच फुटली तर प्रयोगशाळेचं काम काढून घेईन आणि फाटकावर बसवीन. फाटकावर! मी! इतकी वर्षं त्या प्रयोगशाळेत काढली, कुठल्या बाटलीत काय आहे ते वासावरून सांगते, आणि मी फाटकावर बसू?

मी विचारच केला नाही. कपाटातून नवी पट्टी काढली, प्लास्टर कालवलं, जुनं टोक खरवडून नवी लावली आणि खाली तीच जुनी तारीख घातली. हुबेहूब तिच्यासारख्या अक्षरात. घंटा व्हायच्या आत सगळं साफ. घड्याळ आला, बघितलं, वहीत लिहिलं, 'तिन्ही ठीक.' आणि खरं सांगू? मला तेव्हा लाजबीज वाटली नाही. काम किती सफाईने झालं, याचंच कौतुक वाटलं.

गुरुवारी सकाळी पहिला तास सुरू व्हायच्या आधीच पोरांचा गलका. धावत गेले. एक नंबरच्या काचेला मधोमध तडा. तीन नंबरला पण. दोन नंबर, माझी, धडधाकट. तुलनेची काच धडधाकट.

बाईंचा चेहरा मी कधी तसा पाहिला नव्हता. ओरडली नाही, काही नाही. "वह्या तिथेच ठेवा. ओळ करा. बाहेर मैदानात," एवढंच म्हणाली. बेचाळीस पोरं तिने दोन मिनिटांत बाहेर काढली. फक्त घड्याळ मोठी वही छातीशी धरून गेला. ती काही त्याच्याकडून सुटेना. मग बाई सरांच्या खोलीत गेली आणि सरांनी संस्थेच्या इंजिनिअरसाहेबांना बोलावून घेतलं. शेजारच्याच कामावर होते ते, पाच मिनिटांत आले.

साहेब माणूस वाईट नव्हता, पण घाईतला. चष्मा कपाळावर. भिंतीजवळ गेले, एकेक काच बघितली, बोटाने भेग चाचपली आणि हसले.

"वरची फुटली, खालची फुटली आणि मधली शाबूत? भिंत हलली असती तर तिन्ही गेल्या असत्या. ही काय मध्ये दम खायला थांबली का?"

सर म्हणाले, "म्हणजे पोरांनी फोडल्या."

"पोरांनी किंवा मोठ्यांनी," साहेब म्हणाले आणि त्यांनी बाईंकडे बघितलं. "वर्ग बदलून मागणारी पत्रं तुमचीच ना?"

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. माझ्या जावेवर हा माणूस चोरीचा आळ घेतल्यासारखा बोलतोय, आणि ती? ती त्यांच्याकडे बघतही नव्हती. दोन नंबरच्या काचेकडे एकटक बघत होती. अगदी जवळ गेली, वाकून बघितलं, पुन्हा मागे आली.

"ही का राहिली, मला सांगता येत नाही," ती म्हणाली. "साहेबांचं म्हणणं बरोबर आहे. ही फुटायला हवी होती."

"मग संपलं की!" सर म्हणाले. "बाई, तुम्हाला कायम करायचा कागद माझ्या टेबलावर आहे. मी अजून सही केलेली नाही. हे खेळ पुरे. मावशी, घंटा द्या. मुलांना आत बसवा."

मी दाराशी उभी. घंटेची हातोडी माझ्या हातात. मैदानाकडच्या खिडकीशी पोरांची गर्दी झाली होती. मैदानात थांबा म्हटलं तरी ती थांबतात थोडीच. शिडी सगळ्यांच्या वर मान काढून उभी. मी घंटा दिली की ती आत येणार, शेवटच्या बाकावर बसणार आणि त्या भिंतीला पाठ टेकणार. आणि भिंत ठीक आहे असं हे लोक का म्हणतायत, तर माझ्या काचेमुळे!

"ती काच मी बदलली," मी म्हटलं.

कुणाला कळलंच नाही. मग मी सगळं सांगितलं. मंगळवार, झाडू, तुकडा, प्लास्टर, खोटी तारीख. सर लालबुंद झाले. पण साहेबांनी हात वर करून त्यांना थांबवलं आणि मला विचारलं, "एकच सांगा. तुम्ही गेलात तेव्हा ती आधीच फुटलेली होती, की तुमच्या झाडूने फुटली?"

एका शब्दाचं काम होतं. 'आधीच' म्हटलं असतं तर तिन्ही काचा आपोआप फुटल्या असं झालं असतं. भिंत हलते हे सिद्ध, वर्ग बंद, पोरं सुटली. शिवाय माझ्यावर काच फोडल्याचाही ठपका नाही. बाईंनी माझ्याकडे बघितलं. मी तोंड उघडलंसुद्धा, 'आधी' एवढं जिभेवर आलं. तेवढ्यात खिडकीतल्या घड्याळाकडे नजर गेली. त्याने कट्ट्यावर वही उघडून ठेवली होती, पेनाचं टोपण काढलं होतं आणि तो माझ्या तोंडाकडे बघत होता. मी जे म्हणेन ते तो 'पाहिलं'च्या रकान्यात लिहिणार होता. शाईने.

"तुकडा खाली होता. झाडू माझ्या हातात होता. फुटल्याचा आवाज मी ऐकला नाही, पण बाहेर गाड्यांचा आवाज होता," मी म्हटलं. "झाडूने फुटली की आधी, मला ठाऊक नाही."

साहेबांनी हात झटकले. "झालं. प्रयोग बाद."

"दोन नंबर बाद," बाई म्हणाली. "पण साहेब, तुमचा मुद्दाही गेला. मधली शाबूत राहिली म्हणून तुम्ही बाकीच्या काचा पोरांनी फोडल्या म्हणत होतात. मधली तर दोन दिवसांपूर्वी लावलेली. आता आपण पुन्हा करू. इथेच, तुमच्या डोळ्यांसमोर. नव्या तीन काचा, तुम्ही स्वतः लावा."

सर नाही म्हणणार होते. पण साहेबांनाच जरा गंमत वाटली असावी, किंवा पोरांसमोर मागे हटणं बरं दिसत नसावं. "मधल्या सुट्टीपर्यंत," ते म्हणाले. "तोवर काही झालं नाही, तर मुलं आत बसतील आणि तुम्ही लेखी माफी द्याल." ती हो म्हणाली. इतक्या पटकन हो म्हणाली की मला तिला गदागदा हलवावंसं वाटलं.

जुन्या काढून साहेबांनी स्वतःच्या हाताने त्याच जागी नव्या काचा लावल्या. मी प्लास्टर कालवून दिलं. ते सुकायला अर्धा तास गेला आणि मग सुरू झालं बघणं.

दाराबाहेर आम्ही चौघं उभे. आतल्या तीन काचांवर नजर. पोरं पटांगणाच्या पलीकडच्या टोकाला, पण कुणी खेळत नव्हतं. पंधरा मिनिटं गेली. अर्धा तास गेला. सर सारखे मनगटाकडे बघत होते. काचा जशाच्या तशा. मला मात्र एकच दिसत होतं, ती माफी लिहून देणार, तिची नोकरी जाणार, मी फाटकावर जाणार, आणि एवढं सगळं होऊन पोरं पुन्हा तिथेच बसणार. मी मनातल्या मनात त्या काचेला म्हणत होते, फूट गं बाई, फूट एकदाची. कुणी काच फुटावी म्हणून हात जोडलेले पाहिलेत का? मी जोडले होते.

एक तास झाला. मधल्या सुट्टीची वेळ झाली.

"काही झालं नाही," सर म्हणाले. "मावशी, सुट्टीची घंटा द्या. सुट्टी संपली की वर्ग इथेच भरेल."

बाई दारात आडवी उभी राहिली. दोन्ही हात चौकटीवर. "सर, मी मुलांना आत बसू देणार नाही."

"काय म्हणालात?"

"माफी लिहून देते. नोकरी घ्या. पण आत नाही."

"बाई, बाजूला व्हा!"

तेवढ्यात पटांगणातून घड्याळ धावत आला. शिस्त मोडल्याबद्दल मी त्याचा कान धरणार होते, पण तो थेट साहेबांच्या पुढ्यात जाऊन उभा राहिला आणि धापा टाकत म्हणाला, "साहेब, ब्रेकर बंद आहे."

"काय?"

"मी वहीत लिहिलंय. तुम्ही आल्यापासून ब्रेकर बंद आहे. एकदाही वाजला नाही. मग आजचा प्रयोग आणि आधीचा प्रयोग सारखा नाही झाला ना?"

आम्ही सगळे गप्प झालो आणि गप्प झाल्यावर ऐकू आलं, म्हणजे काहीच ऐकू आलं नाही. पलीकडे चिडीचूप. इतके दिवस डोकं उठवणारी धडधड नाही आणि आमच्या मोठ्या माणसांपैकी एकालाही ते जाणवलं नव्हतं. उलट बरं वाटत होतं, शांत आहे म्हणून!

साहेबांनी कपाळावरचा चष्मा काढून हातात घेतला. "मीच बंद करायला सांगितला होता," ते हळूच म्हणाले. "इथे बोलणं ऐकू येत नाही म्हणून."

मोठे सर काहीतरी पुटपुटले. साहेबांनी ऐकलं नाही. ते सरळ मागच्या कुंपणाशी गेले, खालच्या माणसाला हाक मारून हातवारे केले आणि परत आले. पण या वेळी ते दाराच्या आत पाऊल टाकायला तयार नव्हते. ते मी नीट बघितलं. आणि बाईनेही बघितलं.

ब्रेकर सुरू झाला. पायांखालची फरशी थरथरायला लागली. बाकावरची एक पेन्सिल घरंगळत कडेला आली आणि पडली. बाईने माझा दंड धरला होता, इतका घट्ट की पुढे आठ दिवस वळ होता. कुणी पापणी लववत नव्हतं. पाच मिनिटं. दहा. सर मोठ्याने म्हणाले, "बघा, काही..." आणि टिक् झालं असेल, पण त्या धडधडीत ऐकू कसलं येणार. नुसतं दिसलं. दोन नंबरच्या काचेवर वरून खाली केसाएवढी चकाकती रेघ उमटली. कुणी तिच्या आसपास नव्हतं. आम्ही चौघंही दारात होतो.

साहेबांनी सगळ्यात आधी तुलनेच्या काचेकडे बघितलं. ती ठीक होती. मग हा एवढा मोठा माणूस पायातला एक बूट मातीच्या ढिगात सोडून कुंपणाकडे पळत सुटला. "बंद करा! बंद करा रे!" असा आवाज मी कुणाचा ऐकला नाही. त्याच दिवशी ती सगळी बाजू रिकामी केली. भिंतीला लोखंडी टेकू लावले. खड्ड्याचं काम थांबलं. पुढच्या आठवड्यात बाहेरचे तपासणारे आले. त्यांनी भिंतीच्या पायाखाली हात घालून बघितलं आणि आमच्या सरांना एकांतात काय सांगितलं कोण जाणे, सर दोन दिवस जेवले नाहीत म्हणतात. ती भिंत शेवटी पाडलीच.

पण मी त्याच संध्याकाळचं सांगते. शाळा सुटली होती. शिडी पटांगणात काकाची, म्हणजे माझ्या दिरांची, वाट बघत बसली होती. मी प्रयोगशाळेत भांडी आवरत होते. बाई स्टुलावर बसून वही वाचत होती. 'पाहिलं'च्या रकान्यात घड्याळाने माझं सगळं लिहिलं होतं. मावशींनी दोन नंबर बदलली. जुनी तारीख घातली. आणि शेजारच्या रकान्यात, आधी फुटली की झाडूने, ठाऊक नाही.

"हे तपासणीवाले बघतील ना?" मी म्हटलं.

"हो."

"तेवढं पान काढून टाक. भिंत तर सिद्ध झाली ना? आता त्याचं काय काम? नाहक मला फाटकावर बसवतील."

"नाही काढता येणार, ताई."

मग मी चिडले. घरची, दारची, इतक्या वर्षांची सगळी वाफ बाहेर पडली. म्हटलं, घरच्या माणसापेक्षा तुला वही जास्त झाली का? मी तोंड उघडलं नसतं तर तू आज कुठे असतीस? मी 'आधीच फुटली होती' म्हटलं असतं तर तासभर उभं राहून जीव टांगणीला लावायची वेळ तरी आली असती का? खरं बोलले ते तुझ्यासाठी, तुझ्या त्या रकान्यांसाठी, आणि तू मला पान काढून देत नाहीस?

ती ऐकत होती. उत्तर देईल, शिकवेल, 'कशावरून' म्हणेल असं मला वाटलं. पण तिने वही मिटली आणि तिचे खांदे हलायला लागले. आजपर्यंत मी हिला रडताना पाहिली नव्हती. हिची आई गेली तेव्हासुद्धा नाही.

"तुम्हाला साहेबांनी विचारलं ना," ती म्हणाली, "तेव्हा मी तुमच्याकडे बघत होते. मी मनात म्हणत होते, खोटं बोला. ताई, एकदाच खोटं बोला. बेचाळीस मुलं आहेत. मी रोज त्यांना सांगते, पाहिलं तेच लिहा, आणि मी स्वतः तुमच्या खोट्याची वाट बघत होते. तुम्ही बोलला असतात तर मी ते वहीत लिहून घेतलं असतं. हात अडखळला नसता माझा."

मी ओला हात पदराला पुसला आणि तिच्याजवळ जाऊन बसले. बाहेर शिडी कुणाशी तरी मोठमोठ्याने हसत होती.

"आणि काच फुटली नसती तर?" मी विचारलं.

तिने डोळे पुसले. माझ्याकडे न बघता म्हणाली, "तर सगळ्यांनी पाठ फिरवायची मी वाट बघितली असती, आणि मीच फोडली असती."